मुका मार, मुरगळ आणि लचक : भरून येण्यास किती दिवस?

कोपरगांव तालुक्यांत ऊंसतोड सुरू झाली कीं, घोटा मुरगळणें, कंबरेंत उसण भरणें, मोळी उचलतांना दंडांत कळ निघणें हीं दुखणीं घरोघर ऐकूं येऊं लागतात. हाड मोडलें तर सर्वांस भय वाटतें. मनुष्यास तांतडीनें दवाखान्यांत नेतात, प्लॅस्टर चढतें, आणि पुढें सहा आठवडे त्यास कोणी काम सांगत नाहीं. परंतु हाड शाबूत आहे असें एकदां कळलें म्हणजे ‘नुसता मुरगळला आहे, दोन दिवसांत चालूं लागेल’ असें म्हणून त्याची गणना धडधाकटांत होते. ही समजूत पुष्कळ वेळां फसवी ठरते. हाडाच्या सभोंवारच्या मऊ भागांस झालेली इजा कित्येकदां हाड मोडण्याइतकाच, क्वचित् त्याहूनही अधिक काळ घेते. आणि तो काळ तिला मिळाला नाहीं तर ती जन्माची खोड होऊन बसते.

प्रस्तुत लेखकास ही गोष्ट पुस्तकांतून कळली नाहीं. काहीं वर्षांपूर्वीं पाटाच्या पाण्याची पाळी रात्रीं आली असतां चारीच्या ओल्या कांठावरून पाय घसरला व उजवा घोटा बाहेरच्या अंगास वळला. सूज आली, ती आठ दिवसांत उतरली, आणि दहाव्या दिवशीं आम्ही गव्हाच्या वाफ्यांत उभे राहिलों. दुखणें फारसें नव्हतें. पंधराव्या दिवशीं, सपाट बांधावर चालत असतां, तोच घोटा पुन्हां वळला. पहिल्या खेपेस जें तीन-चार आठवड्यांत निभावलें असतें त्यास मग तीन महिने लागले, व त्या वर्षींचा गहू दुसऱ्याच्या हातानें काढावा लागला. सूज उतरणें आणि जखम भरणें ह्या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत एवढें ज्ञान त्या वेळीं असतें तर हा खर्च वांचला असता.

आंत काय होतें तें प्रथम पाहूं. सांध्याचीं हाडें एकमेकांस बांधून ठेवणाऱ्या चिवट पट्ट्या असतात, त्यांस अस्थिबंधनें म्हणतात. पाय मुरगळतो तेव्हां ह्या ताणल्या किंवा तुटल्या जातात. मांसल स्नायू हाडास ज्या दोरीनें जोडलेला असतो ती कंडरा. टांचेच्या मागें बोटांनीं चिमटींत धरतां येते ती शरीरांतील सर्वांत जाड कंडरा होय. लचक भरते ती स्नायूंत किंवा स्नायू व कंडरा ह्यांच्या जोडावर. मुका मार लागतो तेव्हां कातडी न फाटतां आंतील बारीक रक्तवाहिन्या फुटतात व रक्त मांसांत सांकळतें.

ह्यांपैकीं कोणत्याही भागास इजा झाली तरी शरीर एकाच क्रमानें दुरुस्ती करितें. पहिले तीन ते पांच दिवस सूज, उष्णता व ठणका असतो. ही सूज शत्रु नव्हे. मेलेलें मांस उचलून नेणारे रक्तांतील कण त्या वेळीं तेथें जमत असतात. त्यानंतर सुमारें तीन आठवडेपर्यंत नवे तंतू भराभर विणले जातात. परंतु हे तंतू कोंवळे व अस्ताव्यस्त असतात. फुटलेल्या बांधास नवी माती टाकली म्हणजे भगदाड बुजलेलें दिसतें, पण पहिल्याच पाण्यांत ती माती वाहून जाते. बसून, दबून, घट्ट होण्यास तिला हंगाम जावा लागतो. तसेंच येथें घडतें. तिसऱ्या आठवड्यापासून पुढें कित्येक महिने, मोठ्या इजेंत वर्षभर किंवा त्याहूनही अधिक, ते कच्चे तंतू जाऊन त्यांच्या जागीं जाड व चिवट तंतू येतात, आणि ज्या दिशेनें ताण पडतो त्या दिशेनें ते रचले जातात. दुखणें बहुधा दुसऱ्या अवस्थेंतच थांबतें. बळ येतें तें तिसऱ्या अवस्थेंत. ह्या दोहोंमधील जो काळ, त्यांतच बहुतेकांचा घात होतो.

आतां दिवसांचा हिशेब. साधा मुका मार दोन ते तीन आठवड्यांत नाहींसा होतो. जांभळा डाग हिरवट व पुढें पिंवळा झाला म्हणजे सांकळलेलें रक्त विरघळत आहे असें समजावें. स्नायूस रक्ताचा पुरवठा भरपूर असल्यानें तो लवकर सांधतो : थोडे तंतू तुटले असतील तर एक ते तीन आठवडे, बरेच तुटले असतील तर चार ते आठ, आणि स्नायू सबंध तुटला असेल तर तीन महिने किंवा अधिक, व कदाचित् शस्त्रक्रियाही. घोट्याचें अस्थिबंधन केवळ ताणलें असेल तर एक-दोन आठवड्यांत काम करितां येतें. अर्धवट तुटलें असेल तर तीन ते सहा आठवडे लागतात. पूर्ण तुटलें असेल तर दोन-तीन महिन्यांच्या आंत त्यावर भरंवसा ठेवूं नये. कंडरेस रक्त फार थोडें पोंचतें, म्हणून तिचें काम सर्वांत सावकाश. कोयता चालविणाऱ्यांच्या कोपराच्या बाहेरच्या अंगास जें दुखणें जडतें तें वारंवार त्याच हालचालीनें झिजलेल्या कंडरेचें असतें, आणि तें सहा महिने ते वर्षभर रेंगाळल्याचीं उदाहरणें पुष्कळ आहेत. टांचेची कंडरा तुटली तर जड कामास पुन्हां लागण्यास चार ते सहा महिने, कधीं त्याहून अधिक लागतात.

ह्या कंडरेसंबंधीं एक जुनी हकीकत सांगण्याजोगी आहे. लंडनचे प्रसिद्ध शस्त्रवैद्य जॉन हंटर ह्यांची टांचेची कंडरा १७६७ सालीं तुटली. ती शिवून न घेतां त्यांनीं तशीच सांधूं दिली, आणि ती सांधते कशी ह्याचा शोध घेण्यासाठीं कुत्र्यांच्या कंडरा छेदून निरनिराळ्या दिवशीं तपासल्या. तुटलेलीं टोकें मधल्या व्रणानें जोडलीं जातात हें त्यांस तेथें दिसलें.

आपल्या इकडे तर ह्या विषयाचा विचार त्याहून किती तरी शतकें आधीं झालेला आहे. सुश्रुतसंहितेंत मोडलेल्या हाडांची व निखळलेल्या सांध्यांची चिकित्सा सांगतांना वयाप्रमाणें मुदत दिली आहे : कोंवळ्या वयांत एक महिना, मध्यम वयांत त्याच्या दुप्पट, उतारवयांत तिप्पट. बांधलेली पट्टी थंड ऋतूंत सात दिवसांनीं, साधारण ऋतूंत पांच व उन्हाळ्यांत तीन दिवसांनीं बदलावी असेंही तेथें आहे. पट्टी सैल असेल तर सांधा स्थिर होत नाहीं, आणि फार घट्ट असेल तर सूज, वेदना व पू होतो, ही सूचना आजही जशीच्या तशी घेण्यासारखी आहे. वयाचा हिशेबही मुळांत खरा आहे. साठीच्या मनुष्यानें विशीच्या मुलाची मुदत स्वतःस लावूं नये. मधुमेह असेल किंवा तंबाखू-विडीचें व्यसन असेल तर आणखी दिवस धरावे, कारण दोहोंनींही जखमेकडे जाणारा रक्तपुरवठा मंदावतो.

उपचारांविषयीं मतें बदलत आलीं आहेत. अमेरिकेंतील डॉक्टर गेब मर्किन ह्यांनीं १९७८ मध्यें विश्रांति, बर्फ, दाबपट्टी व पाय उंच ठेवणें अशी चतुःसूत्री प्रसिद्ध केली व ती जगभर रूढ झाली. पुढें त्यांनींच २०१४ च्या सुमारास आपलें मत सुधारलें, आणि बर्फ व संपूर्ण विश्रांति ह्यांमुळें भरून येण्यास उलट विलंब होऊं शकतो असें लिहिलें. बर्फानें ठणका कमी होतो एवढें खरें. म्हणून पहिल्या दिवशीं फडक्यांत गुंडाळून दहा-पंधरा मिनिटें लावण्यास हरकत नाहीं. पण तें औषध नव्हे. पहिले दोन-तीन दिवस इजा झालेल्या भागावर भार टाकूं नये, पाय उशीवर उंच ठेवावा, पट्टी बेताची बांधावी. ह्या दिवसांत शेक, चोळणें व दारू हीं तिन्ही वर्ज्य करावीं, कारण त्यांनीं आंतील रक्तस्राव वाढतो. मांडीस जबर मुका मार लागला असतां ती जोरानें रगडली तर सांकळलेल्या रक्ताच्या जागीं मांसांत हाड तयार होतें, ही गोष्ट ऐकून आश्चर्य वाटेल, परंतु ती खरी आहे.

आंबेहळदीचा लेप किंवा निर्गुडीच्या पाल्याचा शेक चार दिवसांनंतर दिल्यास बरें वाटतें व अपाय होत नाहीं. बिब्ब्याचें तसें नाहीं. त्याच्या तेलानें कातडी भाजून फोड येतात व आंतल्या इजेवर बाहेरची जखम चढते. डाग देण्याविषयींही हेंच म्हणावें लागतें. गोळी घेऊन दुखणें बधिर करावयाचें आणि लगेच मोळ्या वाहावयाच्या, हा अलीकडचा प्रकार तर बिब्ब्याहून वाईट. बिब्बा निदान मनुष्यास घरीं बसवितो.

तिसऱ्या दिवसानंतर मात्र अंथरुणास खिळून राहूं नये. नवे तंतू ताणाच्या दिशेनें रचले जातात हें वर सांगितलेंच आहे. ताणच मिळाला नाहीं तर ते गोळा होऊन सांधा आंखडतो. बसल्या जागीं पायाच्या अंगठ्यानें हवेंत मुळाक्षरें काढावीं, पुढें भिंतीस धरून उभें राहावें, मग दुखऱ्या एकाच पायावर तोल सांभाळण्याचा अभ्यास करावा. हा शेवटचा अभ्यास क्षुल्लक वाटतो, परंतु घोटा पुन्हां मुरगळूं न देण्यास त्याच्याइतका उपयोगी उपाय दुसरा नाहीं. कंबरेच्या उसणीस तर पडून राहणें विशेष बाधतें; एक-दोन दिवसांनंतर चालतें-फिरतें राहिल्यास बहुतेकांची उसण चार ते सहा आठवड्यांत बरी होते. आहारांत डाळी, दूध, अंडीं असावीं. आवळा व पेरू ह्यांतील क जीवनसत्त्वाखेरीज नवे तंतू नीट विणले जात नाहींत, आणि शेजारच्या राहात्याचा पेरू नेमका तोडीच्या दिवसांत आपल्याकडे मुबलक असतो.

कांहीं चिन्हें दिसतांच मात्र घरगुती उपचार सोडून डॉक्टरांकडे जावें. मुरगळलेल्या पायावर चार पावलेंही टाकतां येत नसतील, किंवा घोट्याच्या हाडावरच दाबलें असतां दुखत असेल, तर हाड मोडल्याचा संशय धरून क्ष-किरणानें तपासणी करवावी. टांचेच्या मागें ‘फट्’ असा आवाज होऊन चवड्यावर उभें राहतां येईनासें झालें तर कंडरा तुटली आहे असें समजावें. मार लागलेला हात किंवा पाय दगडासारखा टणक होऊन असह्य ठणकूं लागला, बोटें बधिर किंवा गार पडलीं, तर पट्टी तत्काळ सोडावी व तासभरही वाट पाहूं नये. कंबरदुखीबरोबर पायांतील शक्ति गेली किंवा लघवी अडली तर तीच घाई करावी. आणि कातडी फुटलेली असेल तर शेण, माती, राख कांहीं न लावतां स्वच्छ पाण्यानें धुऊन धनुर्वाताचें इंजेक्शन घ्यावें.

कामावर केव्हां परतावें, ह्यास दिनदर्शिकेपेक्षां पायाचीच साक्ष घ्यावी. न लंगडतां चालतां येतें काय? दुखऱ्या पायावर चांगल्या पायाइतका वेळ उभें राहतां येतें काय? त्याच्या चवड्यावर दहा वेळां उठतां येतें काय? नांगरटीच्या ढेंकळांतून रिकाम्या हातांनीं चालून पाहिलें काय? चारही उत्तरें होकारार्थी आलीं म्हणजे आठवडाभर निम्मा भार घ्यावा. डोक्यावर मोळी घेऊन ट्रकची फळी चढण्याचें काम सर्वांत शेवटीं.

हें लिहिणें सोपें आहे ह्याची आम्हांस जाणीव आहे. जमीनधारकास चार आठवडे बसतां येतें. टोळीबरोबर आलेल्या मजुराची मजुरी तो थांबला कीं थांबते, आणि घेतलेली उचल फिटावयाची असते. आपल्या फडांत कोणाचा पाय मुरगळला तर त्यास घरीं धाडण्याऐवजीं पाचट बाजूस करणें, मोळ्या मोजणें, बसून बांधण्यासाठीं बंध तयार करणें असें काम तीन आठवडे देतां येण्यासारखें असतें. तसें केल्यास त्याचा हंगाम वांचतो व टोळीचा एक कोयताही बंद पडत नाहीं.

बैलासंबंधीं दोन शब्द लिहिल्यावांचून हा लेख पुरा होणार नाहीं, कारण टायरगाडीच्या बैलांस हींच दुखणीं होतात. खांद्यावर आवाळू येतें ती कातडीखालच्या मऊ भागाची सूजच होय. खडबडीत जूं, जोडींतील उंचीचा फरक, पावसानें किंवा घामानें भिजलेली मान आणि नव्या बैलावर एकाएकीं पडलेला भार हीं तिचीं कारणें. सूज ताजी असतां बैल सोडून दिला आणि पशुवैद्याकडून मॅग्नेशियम सल्फेट व ग्लिसरीन ह्यांचा लेप करविला तर ती बहुधा एक-दोन आठवड्यांत उतरते. तिच्यावरच जूं ठेवीत गेलें तर आंत टणक गांठ बनते, व ती मग शस्त्रानेंच काढावी लागते. जखमी किंवा आजारी जनावर कामास लावणें १९६० च्या प्राणिक्लेश प्रतिबंधक कायद्यानें गुन्हा आहे, आणि १९६५ च्या नियमांप्रमाणें ओढकामाच्या जनावरास दिवसांतून नऊ तासांपेक्षां जास्त, किंवा मध्यें विसावा न देतां सलग पांच तासांपेक्षां जास्त जुंपतां येत नाहीं. बैलाचा पाय मुरगळला तर माणसापेक्षां अधिक सावध राहावें लागतें, कारण तो दुखणें सांगत नाहीं आणि जोडीदाराच्या ओढीनें चालत राहतो. तो चारही पायांवर सारखा भार देऊन उभा राहूं लागला म्हणजे प्रथम दोन-तीन दिवस रिकाम्या गाडीस, सकाळच्या थंड वेळीं, मऊ वाटेनें जुंपावें, आणि सायंकाळीं सोडल्यावर दोन्ही पायांच्या सांध्यांवर हात ठेवून एक दुसऱ्यापेक्षां ऊन लागतो काय तें पाहावें. लागला तर दुसरे दिवशीं गाडी दुसऱ्या जोडीस द्यावी.