आरेचा रस्ता आणि क्रॉसओव्हरचा टायर

मोटारीचा जमिनीशी येणारा सारा संबंध चार टायरांच्या तळाशी टेकलेल्या, प्रत्येकी साधारण तळहाताएवढ्या रबरी तुकड्यांपुरताच असतो, आणि वेग घेणे, वळणे व थांबणे ही तिन्ही कामे तेवढ्याशा जागेवरच उरकावी लागतात. इंजिन कितीही ताकदीचे असले, ब्रेक कितीही आधुनिक असले आणि सुरक्षेच्या एअरबॅग कितीही बसवलेल्या असल्या, तरी त्या रबराने रस्ता सोडला की बाकीच्या यंत्रणेच्या हाती फारसे काही उरत नाही. असे असूनही गाडी घेताना तिच्या रंगावर आणि पडद्याच्या आकारावर जेवढी चर्चा होते, तिच्या दशांशानेही टायरवर होत नाही. झिजलेला टायर बदलण्याची वेळ आली की दुकानदार पुढे करील तो किंवा दिसायला दणकट वाटेल तो घेतला जातो. क्रॉसओव्हर या प्रकारच्या गाड्यांच्या बाबतीत ही बेपर्वाई अधिक महागात पडते.

क्रॉसओव्हर म्हणजे मोटारगाडीच्याच सांगाड्यावर उभी केलेली, जमिनीपासून अधिक उंच ठेवलेली आणि जीपसारखे रूप दिलेली गाडी. बोलेरो, स्कॉर्पिओ किंवा थार यांसारख्या गाड्यांत शिडीच्या आकाराच्या पोलादी चौकटीवर वरचा डबा बसवलेला असतो. क्रेटा, सेल्टोस, नेक्सॉन, ब्रेझा यांसारख्या क्रॉसओव्हरमध्ये मात्र डबा आणि सांगाडा हे एकच अंग असते आणि इंजिनाची ताकद बहुतेक वेळा फक्त पुढच्या दोन चाकांना मिळते. म्हणजे ही गाडी दिसते रानवाटेची, पण घडलेली असते डांबरी आणि सिमेंटच्या रस्त्यासाठी. शिवाय तिचा भार साध्या हॅचबॅकपेक्षा जास्त आणि गुरुत्वमध्य, म्हणजे साऱ्या वजनाचा तोल जिथे साधला जातो तो बिंदू, अधिक उंच असल्यामुळे वळणावर आणि एकाएकी ब्रेक दाबल्यावर तिच्या टायरांना जादा ताण सोसावा लागतो. टायरची निवड या दोन गोष्टी लक्षात ठेवूनच करावी लागते.

हा विचार तपासून पाहण्यासाठी मुंबईत आरे कॉलनीइतकी योग्य जागा क्वचितच सापडेल. शहरातले गोठे बाहेर हलवण्यासाठी १९४९ मध्ये दारा खुरोडी यांच्या पुढाकाराने उभी राहिलेली ही दुग्ध वसाहत संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाला लागून पसरली आहे. तिच्यात तबेले आहेत, आदिवासी पाडे आहेत, बिबट्याचा वावर आहे, आणि गोरेगावकडच्या पश्चिम द्रुतगती महामार्गाला पवई व मरोळशी जोडणारा रस्ता तिच्यातूनच जात असल्यामुळे रोजची प्रचंड वाहतूकही आहे. या रस्त्यावर एकीकडे सिमेंटचे काँक्रीट आहे, तर आतल्या फाट्यांवर उखडलेले डांबर, खड्डे आणि पाड्यांकडे जाणाऱ्या मातीच्या वाटा आहेत. जागोजागी गतिरोधक आहेत, झाडांच्या दाट सावलीमुळे पाऊस थांबल्यावरही न वाळणारी ओल आहे, आणि पानगळ, माती व शेण पाण्यात मिसळून होणारा निसरडा थरही आहे. झाडी पाहून इथे रानातला टायर हवा असे वाटणे स्वाभाविक आहे. तो समज तपासून घेणे मात्र आवश्यक आहे.

टायरांचे ढोबळमानाने तीन वर्ग पडतात. पहिला एचटी, म्हणजे पक्क्या रस्त्याचा टायर: त्याच्या तळावरील रबरी ठोकळे जवळजवळ बसवलेले, त्यांच्यामधून पाणी वाहून नेणाऱ्या लांब सलग खाचा काढलेल्या आणि ठोकळ्यांवर सिपिंग म्हणून ओळखल्या जाणाऱ्या केसासारख्या बारीक चिरा पाडलेल्या असतात. दुसरा एटी, म्हणजे सर्व प्रकारच्या भूभागाचा टायर: यात ठोकळे मोठे, मोकळे आणि खोल असतात, त्यामुळे ते सैल मातीत व खडीत रुतून पकड घेतात. तिसरा एमटी, म्हणजे चिखलाचा टायर, ज्याचा शहरातील क्रॉसओव्हरशी संबंध जोडण्याचे कारण नाही. खरा मोह पडतो तो एटीचा, कारण त्याच्या जाडजूड ठोकळ्यांमुळे गाडी रुबाबदार दिसते. पण पक्क्या, गुळगुळीत आणि ओल्या रस्त्यावर मोकळ्या ठोकळ्यांचा अर्थ असा होतो की तळहाताएवढ्या त्या जागेतील प्रत्यक्ष टेकणारे रबर आणखी कमी झाले. उंच ठोकळे ब्रेक दाबताना वाकतात, त्यामुळे गाडी थांबायला उशीर होतो. टायर जड असल्याने इंधन जास्त लागते. आणि जिथे रात्री वन्यप्राणी रस्ता ओलांडतात तिथे त्याची घरघर आवाजाची भर घालते ती वेगळीच. आरेतल्या मातीच्या वाटा काही किलोमीटरच्या आहेत, आणि तिथे राहणारे किंवा तिथून जाणारे वाहन उरलेला सारा काळ द्रुतगती महामार्गावर, जोगेश्वरी-विक्रोळी जोडरस्त्यावर आणि अंधेरीच्या गर्दीतच चालते. म्हणून अशा वाहनाला चांगल्या प्रतीचा एचटी टायरच योग्य ठरतो, आणि एटीचा विचार नियमितपणे सह्याद्रीतल्या कच्च्या वाटा तुडवणाऱ्यांनीच करावा.

मुंबईत टायरची खरी परीक्षा घेतो तो पाऊस. जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत सांताक्रूझच्या वेधशाळेत सरासरी २,००० मिलिमीटरहून अधिक पावसाची नोंद होते, आणि २६ जुलै २००५ रोजी तर एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला होता. ओल्या रस्त्यावरील पकड कमी झाली म्हणजे नेमके काय होते, हे साध्या गणिताने कळते. ताशी ५० किलोमीटर वेगाने जाणाऱ्या गाडीचा ब्रेक पूर्ण दाबला आणि टायर व रस्ता यांच्यातील घर्षणाचा गुणांक ०.७ असला, तर ती सुमारे १४ मीटरांत थांबते. तोच गुणांक ०.४ वर घसरला, तर तिला जवळजवळ २५ मीटर लागतात. मधल्या ११ मीटरांत अडीच क्रॉसओव्हर एकामागे एक उभ्या राहू शकतात, आणि आरेच्या वळणावर अचानक समोर येणारी म्हैस, शाळेतून घरी निघालेली पाड्यावरची मुले किंवा दुचाकीस्वार हे सारे तेवढ्या अंतरातच असतात.

पाण्याचा दुसरा धोका वेगाबरोबर येतो. चाकापुढचे पाणी खाचांतून बाजूला फेकण्याइतका अवधी मिळाला नाही, तर टायर रस्ता सोडून पाण्याच्या थरावर तरंगू लागतो आणि सुकाणू व ब्रेक दोन्ही निष्प्रभ होतात. यालाच ॲक्वाप्लेनिंग, म्हणजे पाण्यावर तरंगणे, म्हणतात. अमेरिकेच्या नासा संस्थेने १९६० च्या दशकात विमानांच्या चाकांवर प्रयोग करून बसवलेल्या सूत्राप्रमाणे तरंगणे सुरू होण्याचा वेग टायरमधील हवेच्या दाबाच्या वर्गमुळावर अवलंबून असतो: पुरेसे खोल पाणी असता ३३ पीएसआय दाबाला तो ताशी सुमारे ९६ किलोमीटर येतो, तर २५ पीएसआयला सुमारे ८३. मोटारीच्या टायरला हे आकडे जसेच्या तसे लागू होत नसले, तरी हवा कमी असलेला आणि खाचा झिजलेला टायर लवकर तरंगतो ही त्यांतली दिशा पक्की आहे. आरेच्या गतिरोधकांमध्ये हा वेग गाठला जात नाही. पण तीच गाडी पाच मिनिटांनी द्रुतगती महामार्गावर चढते.

ओल्यात पकड टिकवणारा टायर दुकानात ओळखायचा कसा, हा पुढचा प्रश्न. रबरात काजळीबरोबर सिलिका, म्हणजे वाळूतल्याच खनिजाची अतिशय बारीक पूड, मिसळली की ओल्या रस्त्यावरची पकड सुधारते आणि चाक फिरताना वाया जाणारी ऊर्जाही कमी होते. १९९० च्या दशकापासून मोटारींच्या टायरांत हे मिश्रण रूढ झाले. भारतात २०२२ च्या अधिसूचनेनुसार एआयएस-१४२ हे मानक टप्प्याटप्प्याने लागू झाले आणि ओल्यावरील पकड, चाक फिरताना होणारा रोध आणि आवाज या तिन्हींची किमान पातळी त्यामुळे ठरली. मात्र ही उंबरठ्याची पातळी आहे, उत्कृष्टतेची नव्हे. एखादा नमुना युरोपातही विकला जात असेल, तर तिथल्या लेबलवर ओल्यावरील पकडीला ए ते ई अशी श्रेणी दिलेली असते आणि ती पाहून तुलना करता येते. टिकाऊपणाच्या किलोमीटरांची जाहिरात करणाऱ्या टायरापेक्षा ओल्या पकडीत वरची श्रेणी मिळवलेला टायर थोडा लवकर झिजला, तरी मुंबईकराने तोच पत्करावा.

टायरच्या बाजूच्या भिंतीवर त्याची सारी कुंडली छापलेली असते, आणि ती वाचायला पाच मिनिटेही लागत नाहीत. '२१५/६० आर १७ ९६ एच' असे लिहिलेले असेल, तर २१५ ही मिलिमीटरमधील रुंदी, ६० हे भिंतीच्या उंचीचे रुंदीशी असलेले टक्केवारीतले प्रमाण, आर म्हणजे आतील धागे मध्यापासून बाहेर आडवे विणलेली रेडियल रचना, आणि १७ हा ज्या रिमवर तो बसतो तिचा इंचांतील व्यास. पुढचा ९६ हा भारांक असून त्याचा अर्थ तो एक टायर ७१० किलो भार पेलू शकतो. एच हे अक्षर ताशी २१० किलोमीटर ही वेगमर्यादा सांगते. वेगाचे अक्षर शहरात फारसे कामी येत नाही, पण भारांकाशी तडजोड करू नये, कारण पाच माणसे आणि गावी न्यायचे सामान भरलेल्या क्रॉसओव्हरला हॅचबॅकचा कमी भारांकाचा टायर बसवला, तर तो आतून तापून फुटण्याची शक्यता वाढते. भिंतीवर आयएसआय चिन्ह आहे ना, हेही पाहावे. मोटारींच्या टायरांना ते सक्तीचे आहे.

इथेच रिम मोठी करण्याच्या हौसेचा विचार करावा लागतो. १७ इंची रिम काढून १८ इंची बसवली आणि चाकाची एकूण उंची कायम राखण्यासाठी २१५/५५ आर १८ टायर घेतला, तर रिम व रस्ता यांच्यातील रबरी भिंत १२९ मिलिमीटरवरून ११८ वर येते. हे ११ मिलिमीटर कागदावर क्षुल्लक दिसतात; परंतु पाण्याने भरलेल्या, खोली न कळणाऱ्या खड्ड्याच्या कडेवर चाक आपटते तेव्हा धक्का गिळायला तेवढीच जागा कमी उरते, रिमची कड वाकते किंवा भिंतीतले धागे तुटून बाहेर फुगा येतो. असा फुगा आलेला टायर दुरुस्त होत नाही, तो टाकूनच द्यावा लागतो. रुंदी वाढवली, तर तोच भार जास्त रुंदीवर पसरल्यामुळे पाणी फोडणे कठीण होते. मुंबईच्या पावसात आणि खड्ड्यांत कंपनीने ठरवलेले माप, किंवा त्याच मॉडेलच्या कमी किमतीच्या आवृत्तीवर येणारी लहान रिम व उंच भिंत, हीच अधिक सुज्ञ निवड होय.

आरेच्या पूर्वेला, राष्ट्रीय उद्यानाच्या पलीकडे असलेल्या भांडुपमध्ये सिएट या टायर कंपनीचा कारखाना आहे. इटलीतील तुरीन शहरात १९२४ मध्ये जन्मलेल्या या कंपनीचे भारतातील पर्व १९५८ मध्ये सुरू झाले. पण टायर घराजवळ बनला म्हणून तो ताजा असतोच असे नाही, कारण रबर वापराविनाही कडक होत जाते. भिंतीवरील डॉट या अक्षरांच्या ओळीच्या शेवटी चार आकडे असतात; '२३२४' म्हणजे २०२४ सालच्या तेविसाव्या आठवड्यात बनलेला टायर. वर्षाहून जुना माल सवलतीत मिळत असला, तरी तारीख पाहूनच निर्णय घ्यावा. पाच वर्षांनंतर दरवर्षी जाणकाराकडून तपासणी करावी आणि दहा वर्षांनंतर खाचा शिल्लक असल्या तरी टायर वापरू नये, असे अनेक उत्पादक सांगतात. कायद्याने मोटारीच्या टायरची खाच किमान १.६ मिलिमीटर खोल असावी लागते आणि खाचेच्या तळाशी असलेले उंचवटे ती मर्यादा दाखवतात. पावसाळ्यात मात्र ती ३ मिलिमीटरवर येताच टायर बदलणे श्रेयस्कर, आणि त्यासाठी योग्य महिना मे.

दोनच टायर नवे घ्यायचे असतील, तर ते मागे बसवावेत. ताकद पुढच्या चाकांना असल्यामुळे नवे पुढे हवेत असा समज प्रचलित आहे. परंतु ओल्या वळणावर पुढची चाके घसरली तर वेग कमी करून गाडी सावरता येते, मागची घसरली तर ती भोवऱ्यासारखी फिरते आणि सामान्य चालकाला सावरत नाही. चारही चाकांना ताकद देणाऱ्या क्रॉसओव्हरमध्ये चारही टायर एकाच मापाचे, नमुन्याचे आणि शक्यतो सारख्या झिजेचे असावेत, अन्यथा चाकांच्या परिघातील फरकाचा ताण मधल्या यंत्रणेवर येतो. हवेचा दाब चालकाच्या दाराशी लावलेल्या पट्टीवर लिहिलेला असतो आणि तो टायर थंड असताना, महिन्यातून एकदा तरी मोजावा. नायट्रोजन भरण्याचा फायदा किरकोळ आहे, कारण साध्या हवेतच तो ७८ टक्के असतो. स्टेपनीतली हवाही त्याच वेळी पाहावी.

टायर झिजतो म्हणजे त्याचे रबर बारीक धूळ होऊन रस्त्यावर सांडते, आणि आरेत ती धूळ पहिल्याच मोठ्या पावसात इथेच उगम पावणाऱ्या ओशिवरा नदीकडे वाहते. रबर ओझोनने तडकू नये म्हणून मिसळल्या जाणाऱ्या ६पीपीडी या रसायनापासून तयार होणारा पदार्थ अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील कोहो सामन माशांना मारक ठरतो, हे २०२० मध्ये सिद्ध झाले आहे. योग्य दाब आणि नियमित अलाइनमेंट राखली, तर ही झीज कमी होते. उतरवलेला जुना टायर अंगणात ठेवला, तर त्यात साचलेल्या पाण्यात डेंग्यू पसरवणाऱ्या डासांची पैदास होते, म्हणून तो घरी न आणता दुकानातच सोपवावा. २०२२ च्या नियमांनुसार अशा टाकाऊ टायरांच्या पुनर्वापराची जबाबदारी उत्पादक आणि आयातदारांवर टाकण्यात आली आहे.