१० पैकी ८ मॅच हरलेल्या टीमचा सीझन अमेरिका आजही का विसरलेली नाही?

लोकांच्या लक्षात कोण राहतं? जो जिंकतो तो. खेळात तर हा नियमच आहे. पण अमेरिकेच्या कॉलेज फुटबॉलमध्ये एक टीम अशी आहे, जिनं १९७१ साली १० मॅच खेळल्या, त्यातल्या ८ हरल्या, आणि तरी तिच्यावर हॉलिवूडनं पिक्चर काढला. टीम मार्शल युनिव्हर्सिटीची, शहर हंटिंग्टन, राज्य वेस्ट व्हर्जिनिया.

आधी एक गोष्ट क्लिअर करू. हा फुटबॉल म्हणजे मेस्सी-रोनाल्डोवाला नाही. हा हेल्मेट आणि खांद्यावर पॅड घालून खेळायचा खेळ. दोन्हीकडे ११-११ जण, आणि अंडाकृती बॉल हातात घेऊन पळायचं. समोरच्याच्या हद्दीच्या टोकापर्यंत बॉल नेला की टचडाऊन, त्याचे ६ पॉइंट. त्यानंतर किक बसली तर अजून १. आणि लांबूनच दोन खांबांमधून किक मारली तर फिल्ड गोल, त्याचे ३. एवढा हिशोब डोक्यात ठेवा, पुढं कामाला येणार आहे.

तर विषय सुरू होतो १४ नोव्हेंबर १९७० ला.

त्या शनिवारी मार्शलची टीम नॉर्थ कॅरोलिनामध्ये ईस्ट कॅरोलिनाकडून १७-१४ नं हरली. एरवी ही टीम बसनं फिरायची. त्या सीझनमधला हा तिचा एकमेव विमानप्रवास होता. विमानात खेळाडू होते, कोच होते आणि टीमसाठी जीव टाकणारी शहरातली प्रतिष्ठित मंडळीही होती. त्यात डॉक्टर, व्यावसायिक, लोकप्रतिनिधी असे सगळेच.

संध्याकाळी साडेसातच्या सुमारास पाऊस आणि धुक्यात हे विमान हंटिंग्टनच्या विमानतळावर उतरत होतं. धावपट्टी दोन किलोमीटरच्या आत आली होती, तेवढ्यात ते टेकडीवरच्या झाडांना धडकलं. विमानातले ७५ च्या ७५ जण गेले. त्यात ३७ खेळाडू आणि हेड कोच रिक टॉली होते. विमान ठरलेल्या उंचीच्या खाली आलं होतं, हे तपासात समोर आलं. पण ते का आलं, याचं पक्कं उत्तर तपास यंत्रणेलाही देता आलं नाही.

शहरातल्या ७० मुलांनी आई किंवा वडील गमावले. त्यातली १८ पूर्ण पोरकी झाली. ६ खेळाडूंची तर ओळखही पटली नाही. त्यांना स्प्रिंग हिल स्मशानभूमीत शेजारी शेजारी पुरण्यात आलं.

आता प्रश्न होता, पुढं काय? फुटबॉल बंदच करावा, असं म्हणणारे बरेच होते, आणि त्यांचं चुकत होतं असंही नाही. ज्या घरातला पोरगा गेला, त्या घराला शनिवारी पुन्हा स्टेडियमच्या आरोळ्या ऐकवायच्या का? दुसरी बाजू म्हणत होती, खेळ थांबवला तर गेलेल्यांची शेवटची ओळख अपघात हीच राहील. शेवटी युनिव्हर्सिटीनं टीम चालू ठेवायचं ठरवलं.

पण ठरवणं वेगळं आणि टीम उभी करणं वेगळं.

कोचच मिळेना. एकानं पद स्वीकारलं आणि काही दिवसांतच तो माघारी गेला. मग ओहायोच्या वूस्टर कॉलेजमधून जॅक लेंग्येल आले. मुख्य टीममधले जे खेळाडू दुखापतीमुळं किंवा दुसऱ्या कारणानं विमानात नव्हते, तेवढेच उरले होते, हातावर मोजण्याइतके. त्यातला एक होता कॅप्टन नेट रफिन.

त्यात नियमाची अडचण. त्या काळी कॉलेजच्या पहिल्या वर्षातल्या पोरांना मुख्य टीमकडून खेळता येत नसे. आधी अभ्यासात रुळावं, मग खेळावं, हा त्यामागचा विचार. मार्शलसाठी कॉलेज खेळांच्या राष्ट्रीय संघटनेनं, म्हणजे एनसीएएनं, या नियमातून खास सूट दिली. मग पहिल्या-दुसऱ्या वर्षाची पोरं आणि दुसऱ्या खेळांतले गडी गोळा करून टीम बनली. किक मारायला तर सॉकर खेळणारा ब्लेक स्मिथ आला. या टीमला नाव पडलं ‘यंग थंडरिंग हर्ड’.

कच्च्या पोरांना घेऊन खेळायचं कसं? इथं मदत आली शेजारच्या वेस्ट व्हर्जिनिया युनिव्हर्सिटीकडून. तिथले कोच बॉबी बाऊडेन यांनी आपल्या मॅचच्या फिल्म आणि डावपेच मार्शलच्या कोचपुढं उघडे केले. त्यातून लेंग्येल यांनी ‘व्हीअर’ नावाची पद्धत उचलली. यात समोरच्या एका डिफेंडरला मुद्दाम न अडवता मोकळं सोडतात. तो काय करतो हे बघून क्वार्टरबॅक ऐनवेळी ठरवतो, बॉल दुसऱ्याला द्यायचा की स्वतः पळायचं. एक माणूस अडवायचा वाचतो, म्हणून ताकदीनं कमी असलेल्या टीमला ही पद्धत सोयीची पडते.

१८ सप्टेंबर १९७१ ला पहिली मॅच झाली. मोरहेड स्टेटनं मार्शलला २९-६ नं हरवलं.

२५ सप्टेंबरला अपघातानंतरची घरच्या मैदानावरची पहिली मॅच होती, झेवियरविरुद्ध. शेवटची काही सेकंदं उरली तेव्हा झेवियर १३-९ नं पुढं होती. आता मघाचा हिशोब आठवा. फिल्ड गोलचे ३ मिळवूनही १२ च होत होते, टचडाऊनशिवाय पर्याय नव्हता. बॉल १३ यार्डांवर होता. क्वार्टरबॅक रेजी ऑलिव्हरनं टेरी गार्डनरकडं छोटा पास टाकला, गार्डनर टोकापर्यंत पळाला आणि वेळ संपली. १५-१३. मॅच संपली तरी लोक कितीतरी वेळ मैदान सोडायला तयार नव्हते.

पिक्चर असता तर पुढं ही टीम कपच जिंकली असती. इथं तसं झालं नाही. मायामी ऑफ ओहायोनं त्यांना ६६-६ असं धुतलं. बोलिंग ग्रीनला १२-१० नं हरवलं, तो सीझनमधला दुसरा आणि शेवटचा विजय. लेंग्येल यांची चार सीझनची गोळाबेरीज ९ विजय आणि ३३ पराभव. टीमला हरण्यापेक्षा जास्त जिंकलेला सीझन बघायला १९८४ साल उजाडलं.

पुढं दिवस पालटले. १९९२ आणि १९९६ ला मार्शल आपल्या गटात राष्ट्रीय विजेती झाली, १९९९ ला तर १३ पैकी १३ मॅच जिंकली. २००६ मध्ये ‘वी आर मार्शल’ हा पिक्चर आला, त्यात मॅथ्यू मॅकॉनहेनं लेंग्येल यांची भूमिका केली.

पण १९९९ च्या पोरांना जिंकायला टीम शिल्लक होती, ती १९७१ च्या पोरांनी हरत हरत का होईना, टिकवली म्हणून.

युनिव्हर्सिटीच्या आवारात या ७५ जणांच्या आठवणीत एक कारंजं आहे. दरवर्षी १४ नोव्हेंबरला सगळे तिथं जमतात, गेलेल्यांची नावं घेतात आणि कारंजं बंद करतात. वसंत आला की ते पुन्हा चालू होतं.