एक मतदारसंघ, एक पक्ष, अकरा विजय

गणपतराव देशमुख (1926–2021)

मतदारसंघ : सांगोला, जि. सोलापूर
पक्ष : शेतकरी कामगार पक्ष (शेकाप), अखेरपर्यंत

विजय : 1962, 1967, 1974 (पोटनिवडणूक), 1978, 1980, 1985, 1990, 1999, 2004, 2009, 2014. महाराष्ट्र विधानसभेवर इतक्या वेळा दुसरे कोणीही निवडून गेलेले नाही.

पराभव : दोनच, 1972 आणि 1995. दुसरा तर दोनशेहूनही कमी मतांनी.

मंत्रिपद : दोनदा. 1978 मध्ये शरद पवारांच्या पुरोगामी लोकशाही दल (पुलोद) सरकारात आणि 1999 मध्ये विलासराव देशमुखांच्या मंत्रिमंडळात. बाकी जवळपास सारी कारकीर्द विरोधी बाकांवर गेली.

ध्यास : दुष्काळी माणदेशाला पाणी. कृष्णेचे पाणी उचलून या पट्ट्यात आणावे, या मागणीसाठी नागनाथअण्णा नायकवडी यांच्यासोबत आटपाडीच्या पाणी परिषदांतून त्यांनी लढा उभा केला. टेंभू आणि म्हैसाळ या उपसा सिंचन योजनांचे पाणी सांगोल्यापर्यंत यावे म्हणून ते सतत झगडले. रोजगारासाठी तालुक्यात सहकारी सूतगिरणी उभी केली.

राहणी : साधी. आमदार असतानाही एसटीने प्रवास.

निरोप : 2019 ची निवडणूक लढवली नाही. 30 जुलै 2021 रोजी सोलापुरात निधन. 2024 मध्ये त्यांचे नातू बाबासाहेब देशमुख यांनी शेकापच्याच झेंड्याखाली सांगोल्याची जागा परत मिळवली.

पक्ष बदलणे नित्याचे झालेल्या काळात ही निष्ठा जपून ठेवण्याजोगी आहे. सांगोल्याने त्यांना अकरा वेळा मत दिले ते याच विश्वासावर.