हॉटेलचं दार, मेनू कार्ड आणि बिल



बँकेच्या कामाला, प्रशिक्षणाला, नाहीतर प्रदर्शनात मसाले-पापड विकायला आपण आता तालुक्याला, जिल्ह्याला, थेट मुंबईच्या महालक्ष्मी सरसपर्यंत जातो. स्टॉल मांडायला शिकलो, मोबाईलवर पैसे घ्यायला शिकलो. पण दुपारी भूक लागली की आपली गाडी अडते. समोर मोठं हॉटेल असतं. वर राहायच्या खोल्या, खाली जेवणघर, काचेचं दार आणि दाराशी गणवेशातला माणूस. आपण मात्र बिस्किटाचा पुडा फोडून कडेला बसतो. पाणीही बेतानं पितो, कारण बाथरूमला कुठं जायचं हा प्रश्न असतो. दर वेळी पैसे नसतात म्हणून असं होतं, असंही नाही. पुष्कळदा जेवणाचा खर्च गटानं मंजूर केलेला असतो. अडवतात ते मनातले तीन प्रश्न: आत घेतील का, मागवायचं काय, आणि बिल किती लावतील? आज या तिन्हींची उत्तरं बघू.

पहिला प्रश्न, आत घेतील का?

आपल्या राज्यघटनेच्या १५ व्या कलमात हे स्पष्ट लिहिलंय. केवळ धर्म, वंश, जात, लिंग किंवा जन्मस्थान यांवरून कोणत्याही नागरिकाला दुकानात, सार्वजनिक उपाहारगृहात किंवा हॉटेलात जायला अडवता येत नाही. त्यानंतर १९५५ साली नागरी हक्क संरक्षण कायदा झाला. अस्पृश्यता पाळून कुणाला हॉटेलात येऊ न देणं, तिथली भांडी वापरू न देणं हा या कायद्यानं गुन्हा आहे.

हे कागदावर यायच्या कितीतरी आधी कोल्हापुरात राजर्षी शाहू महाराजांनी गंगाराम कांबळे यांना चहाचं हॉटेल काढायला मदत केली होती. दलित माणसाच्या हातचा चहा कोण पिणार, असं लोक म्हणायचे. महाराज स्वतः तिथं गाडी थांबवून चहा प्यायचे आणि बरोबरच्या मंडळींनाही पाजायचे. हॉटेलात बसून खाणं ही साधी गोष्ट वाटते, पण तिच्यासाठी आपल्याकडं लढावं लागलेलं आहे.

काही ठिकाणी 'प्रवेशाचे हक्क राखीव' अशी पाटी असते. दारू पिऊन गोंधळ घालणाऱ्याला बाहेर ठेवायला ती ठीक आहे. जातीवरून, धर्मावरून किंवा बाई म्हणून अडवायला ती चालत नाही. आणि दाराशी उभा असलेला माणूस बहुतेक वेळा हाकलायला नसतोच. 'किती जण?' एवढं विचारून टेबल दाखवणं हे त्याचं काम. आपण सरळ सांगायचं, 'दादा, आठ जणी आहोत. जेवायचंय. बाथरूम कुठं आहे?' एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा. आपली भाकरी-चटणी तिथं सोडून बसलेलं बहुतेक हॉटेलांना चालत नाही. डबा खायचा असेल तर आधी विचारा.

दुसरा प्रश्न, मागवायचं काय?

बसल्याबरोबर मेनू कार्ड येतं. ते उजवीकडून वाचायला सुरुवात करा, म्हणजे आधी भाव बघा. आकडे आपल्याला येतात. नावं कळली नाहीत तर वेटरला विचारा, 'यात काय असतं? किती जणींना पुरेल?' हे विचारण्यात कमीपणा नाही. शहरातली माणसंही विचारतात.

सुटे पदार्थ मागवले तर भाजी वेगळी, रोटी वेगळी, भात वेगळा असा हिशोब होतो आणि बिल भराभर चढतं. थाळी असेल तर एका भावात सगळं येतं. पण 'लिमिटेड' थाळीत ठरलेलंच मिळतं, पुन्हा वाढलं की त्याचे पैसे लागतात. 'अनलिमिटेड' म्हणजे हवं तितकं, पण एका थाळीत दोघींनी जेवलेलं चालत नाही. बुफे असेल तर माणशी भाव असतो, आपण उठून आपलं वाढून घ्यायचं. सुटी भाजी एक मागवून दोघी-तिघींत वाटून घेता येते. चहा किंवा सूप 'वन बाय टू' सांगितलं की दोन कपांत येतं.

मासळीच्या भावाच्या जागी कधी आकडा नसतो, 'साईजप्रमाणे' असं काही लिहिलेलं असतं. तिथं भाव विचारल्याशिवाय मागवू नका. टेबलावर न मागता काही आणून ठेवलं, तर 'याचे पैसे लागतात का?' हेही आधीच विचारायचं.

आता पाणी. वेटर विचारतो, 'बिसलेरी की साधं?' साधं पाणी हवं असेल तर तसं ठणकावून सांगा. बाटलीवर छापील किंमत असते, पण बसून जेवण्याच्या हॉटेलात तिचे जास्त पैसे घेता येतात, असा निकाल सर्वोच्च न्यायालयानं २०१७ साली दिला आहे. म्हणून बाटली फोडण्याआधी कार्डावरचा भाव बघा, नंतर वाद घालून उपयोग नाही. जेवणाच्या शेवटी वाटीत कोमट पाणी आणि लिंबाची फोड आली, तर ती हात धुवायला असते.

तिसरा प्रश्न, बिल.

कार्डाच्या तळाशी बारीक अक्षरात 'कर वेगळा' असं बहुधा लिहिलेलं असतं. तो कर म्हणजे जीएसटी. बहुतेक हॉटेलांत जेवणावर ५ टक्के जीएसटी लागतो. बिलात तो अडीच-अडीच टक्क्यांच्या दोन ओळींत दिसतो, एक केंद्राचा, एक राज्याचा. ज्या मोठ्या हॉटेलात राहायच्या खोलीचं एका दिवसाचं भाडं साडेसात हजार रुपयांच्या वर जातं, तिथल्या जेवणावर मात्र १८ टक्के लागतात. म्हणजे आठ जणींचं जेवण १,६०० रुपयांचं झालं, तर साध्या हॉटेलात कर ८० रुपये आणि त्या मोठ्या हॉटेलात २८८ रुपये. ऑर्डर देण्याआधी 'जीएसटी किती टक्के?' एवढं विचारलं की अंदाज येतो.

जीएसटी घेणाऱ्या हॉटेलच्या बिलावर पंधरा अक्षर-आकड्यांचा नोंदणी क्रमांक असतो. महाराष्ट्रातला असेल तर तो २७ नं सुरू होतो. क्रमांक नाही आणि तरी कर लावलाय, तर विचारा. काही छोटी हॉटेलं कंपोझिशन योजनेत असतात. त्यांना गिऱ्हाइकाकडून जीएसटी वेगळा घेता येत नाही.

सगळ्यात जास्त गोंधळ होतो तो 'सर्व्हिस चार्ज' या ओळीचा. हा सरकारी कर नव्हे. तो हॉटेल स्वतःसाठी लावतं. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं जुलै २०२२ मध्ये सूचना काढल्या, की सर्व्हिस चार्ज बिलात आपोआप लावायचा नाही, दुसऱ्या नावानंही लावायचा नाही आणि तो न देणाऱ्याला प्रवेश नाकारायचा नाही. २८ मार्च २०२५ ला दिल्ली उच्च न्यायालयानं या सूचना योग्य ठरवल्या.

फरक किती पडतो बघा. १,६०० वर १० टक्के सर्व्हिस चार्ज म्हणजे १६० रुपये. झाले १,७६०. त्या सगळ्यावर ५ टक्के जीएसटी म्हणजे ८८. एकूण १,८४८. सर्व्हिस चार्ज नसता तर बिल १,६८० झालं असतं. १६८ रुपये जास्त गेले! अशी ओळ दिसली तर शांतपणे म्हणायचं, 'दादा, हा सर्व्हिस चार्ज काढून बिल द्या.' वेटरच्या हातात ते नसतं, म्हणून त्याच्यावर चिडू नका, मॅनेजरला बोलवा. नाहीच ऐकलं तर बिल जपून ठेवा आणि १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईनला फोन करा. तिथं मराठीतही बोलता येतं. टीप ही वेगळी गोष्ट आहे. वेटरनं चांगलं वाढलं, आपल्याला द्यावंसं वाटलं, तर आपल्या खुशीनं द्यायची.

आता आपल्या गटाच्या दृष्टीनं सर्वात महत्त्वाचं. पैसे गटाचे असतील तर पक्कं बिल घेतल्याशिवाय उठू नका. कागदावर खरडलेला आकडा चालत नाही. बिलावर हॉटेलचं नाव, तारीख, बिल क्रमांक आणि पदार्थांची यादी हवी. खाल्लेले पदार्थ आणि बिलातले पदार्थ तिथंच एकीनं मोठ्यानं वाचून ताडून घ्यायचे. मग बिलाच्या मागं किती जणी होतो आणि कोणत्या कामाला गेलो होतो ते लिहून ठेवा. ऑनलाईन पैसे दिले असतील तर त्याचा फोटोही ठेवा. 'तुम्ही हॉटेलात जेवलात!' हा टोमणा गटात कधीतरी येतोच, आणि त्यावरून चांगले गट फुटल्याचं आपण पाहिलंय. दिवसभर काम करणाऱ्या बाईनं पोटभर जेवणं ही चैन नाही. पण हिशोब उघडा ठेवला की ते सांगायला बळ येतं.

जाण्याआधीच बैठकीत माणशी किती खर्चायचे हे ठरवा आणि इतिवृत्तात लिहा. आणि घरात, शेजारी कुणाकडं हॉटेलचं जुनं बिल पडलेलं असेल, तर पुढच्या बैठकीला घेऊन या. मधोमध ठेवा आणि एकेकीनं एकेक ओळ वाचा. कर कुठला, सर्व्हिस चार्ज आहे का, क्रमांक २७ नं सुरू होतो का, बेरीज बरोबर आहे का, हे सगळं बघा. दोन बिलं वाचून झाली की तिसऱ्याची भीती वाटणार नाही.