मला जिवंत पुरू नका

चित्रपटाचं नावच आहे ‘प्लीज डोन्ट बरी मी अलाइव्ह!’; मला जिवंत पुरू नका. टेक्सासमधल्या सॅन अँटोनियोच्या एफ्राइन गुतिएरेझ यांनी 1976 साली तो लिहिला, दिग्दर्शित केला, मुख्य भूमिकाही स्वतःच केली. इतिहासकार त्याला पहिला चिकानो कथापट मानतात. आणि नेमका हाच चित्रपट पुढे कित्येक वर्षं गाडल्यासारखा पडून राहिला.

चिकानो म्हणजे मेक्सिकन वंशाचे अमेरिकन. 1848च्या तहानंतर मेक्सिकोचा मोठा मुलूख अमेरिकेत गेला, तेव्हा तिथली कुटुंबं जागची हललीही नव्हती. सीमाच त्यांच्या दारावरून पुढे सरकली. ‘चिकानो’ म्हणून त्यांना हिणवलं जाई. 1960च्या दशकात तरुणांनी तोच शब्द अभिमानाने मिरवला.

गुतिएरेझ यांच्या चित्रपटात व्हिएतनाममधून शवपेट्या येत असतात. नायकाचा भाऊही त्याच युद्धात गेलेला. ज्या देशासाठी आमची माणसं मरतात, तिथं आमची जागा कोणती, हा प्रश्न त्या पोराला सोडत नाही. पात्रं बोलता बोलता इंग्रजीतून स्पॅनिशमध्ये शिरतात, वस्तीत बोलतात तशीच. वितरणही गुतिएरेझ यांनीच सुरू केलं. गावोगावच्या थिएटरवाल्यांशी बोलून खेळ लावले आणि चिकानो वस्त्यांतली थिएटरं भरली.

इतकं चाललेला चित्रपट हरवतो कसा? स्टुडिओ आपली रिळं मालमत्ता म्हणून सांभाळतो. एकट्या माणसाच्या रिळांना कपाट कुठलं? ती लॅबमध्ये, नाहीतर कुणाच्या गॅरेजमध्ये पडून राहतात. उष्ण, दमट हवेत ॲसिटेटची फिल्म सडू लागते. डबा उघडला की व्हिनेगरचा भपकारा येतो. फिल्म आक्रसते, वाकते. रंग उडून माणसांचे चेहरे गुलाबी पडतात. हे रसायनाचं काम खरं, पण डबा कुणाचा जपायचा आणि कुणाचा पडू द्यायचा, हे माणसंच ठरवतात.

1990च्या दशकात कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजेलिस शाखेतले अभ्यासक चॉन नोरिएगा यांनी गुतिएरेझ यांचा माग काढला. विद्यापीठाच्या संग्रहालयाने चित्रपट जतन केला. 2014 साली तो जपून ठेवण्याजोगे चित्रपट टिपणाऱ्या अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत आला. दिग्दर्शिका सिल्व्हिया मोरालेस यांच्या, चिकानो स्त्रियांवरच्या ‘चिकाना’ या 1979च्या लघुपटाला त्याच नोंदवहीत यायला 2021 उजाडावं लागलं. हा उशीर मला अन्यायच वाटतो.

यांतलं काही एखाद्या महोत्सवात दिसलं, तर चुकवू नका.