सव्वीस इंचांचं चाक, दोन किलोमीटरची उंची

दार्जिलिंगच्या ‘बी’ वर्गातल्या वाफेच्या इंजिनाचं चाक जेमतेम 26 इंचांचं आहे. शेजारी उभं राहिलं तर गुडघ्याच्या थोडं वर येतं. आपल्याकडच्या ब्रॉडगेजवर धावलेल्या डब्ल्यूपी इंजिनाचं चाक 67 इंचांचं, आणि टेंडरसकट त्याचं वजन दीडशे टनांच्या वर. हे मात्र पंधराएक टनांचं. 1889 पासून पुढच्या चारेक दशकांत अशी 34 इंजिनं बांधली गेली. बहुतेक ग्लासगोत, तीन अमेरिकेत आणि तीन चक्क डोंगरातल्या तिनधारियाच्या कारखान्यात.

एवढुशा इंजिनाला काम काय दिलं होतं? सिलिगुडीहून निघायचं आणि 2,258 मीटर उंचीवरच्या घूमला पोचायचं. अंतर सुमारे 76 किलोमीटर, चढ सव्वाशेक मीटर उंचीवरून थेट ढगांत. रुळांत दोन फुटांचं अंतर असलेल्या या लोहमार्गावर दातेरी पट्टी नाही, दोर नाही. गुळगुळीत रुळावर गुळगुळीत चाक, एवढ्याच भरवशावर सगळा प्रवास.

आता हिशेब करू. हे चाक एका फेऱ्यात दोन मीटरांहून किंचित जास्त पुढे जातं. म्हणजे घूमपर्यंत साडेछत्तीस हजार फेरे. दोन सिलिंडर, प्रत्येकात पिस्टन पुढेही ढकलला जातो आणि मागेही, त्यामुळे दर फेऱ्याला धुराड्यातून चार भकभक. एका चढाईत जवळजवळ दीड लाख! प्रत्येक वेळी 11 इंच व्यासाच्या पिस्टनवर दर चौरस इंचाला 140 पौंड दाबाची वाफ आदळते. पूर्ण दाब लागला तर तो रेटा सहा टनांचा भरतो.

आणि तरीही खेचायला हाती उरतं किती, ते पाहा. रुळावर या इंजिनाची ओढ साधारण साडेतीन टनांची. सर्वांत कठीण चढ वीस फुटांना एक फूट असा आहे. तिथे प्रत्येक टन वजन 50 किलोच्या जोराने मागे खेचतं. इंजिनाचं स्वतःचंच वजन पाऊण टन ओढ खाऊन टाकतं. उरलेल्या पावणेतीन टनांत डबे, माणसं, सामान आणि वळणावळणाला रुळांशी होणारी घासाघीस. कागदावर चाळीसेक टन बसतात, पण पावसात रूळ ओले झाले की तेही कठीण. म्हणूनच इंजिनाला फक्त चार चाकं, आणि चारही ओढणारी. नुसतं ओझं वाहणारं एकही चाक नाही.

तरी चाक घसरतंच. त्यासाठी इंजिनाच्या अगदी पुढे, बफरवर, दोन माणसं बसत. काम एकच: मुठीने रुळावर वाळू टाकायची. मागे ड्रायव्हर आणि फायरमन, वर कोळशाच्या ढिगावर बसून ढेकळं फोडणारा आणखी एक. पंधरा टनांच्या यंत्राला पाच माणसं. मला या सगळ्या आकड्यांत हा पाचाचा आकडा सर्वांत मोठा वाटतो. हाताने टाकलेल्या वाळूवर अख्खी गाडी हिमालय चढत होती.

पन्नास टनांची गाडी एवढी वर उचलायला लागणारी ऊर्जा सुमारे 290 युनिट, लाइटबिलावर असतात तीच. कोळशातली सगळी उष्णता कामी आली असती तर 40-45 किलोत भागलं असतं. पण अशा इंजिनात शंभरातले पाचसहा भागच चाकापर्यंत पोचतात. बाकी धुराड्यातून जातात. म्हणजे नुसत्या उंचीसाठीच सातआठशे किलो कोळसा फोडायचा आणि भट्टीत टाकायचा.

नेरळ-माथेरानचा मार्गही दोन फुटांचाच, 1907 सालचा. त्या गाडीत बसलेल्याला हे सगळं ओळखीचं वाटेल. दार्जिलिंगची चढाई मात्र उंचीने त्याच्या जवळजवळ तिप्पट.

1999 मध्ये युनेस्कोने दार्जिलिंगच्या मार्गाला जागतिक वारसा ठरवलं. ही इंजिनं आजही दार्जिलिंगहून घूमपर्यंत पर्यटकांना नेतात. डिझेलच्या गाडीपेक्षा तिकीट महाग आहे, तरी वाफेचंच काढा आणि इंजिनाच्या जवळचा डबा पकडा. ती सातेक किलोमीटरची चढण म्हणजे साडेतेरा हजार भकभक आहेत.