घाटावरचा महसीर आणि आपल्या नद्यांची वलगण

जून-जुलैत समुद्रातली यांत्रिक मासेमारी बंद असते. पापलेट, सुरमईचे भाव चढतात आणि कर्जत, नेरळ, खोपोलीच्या बाजारात रोहू-कटला जास्त दिसू लागतो. आपल्यापैकी बरेच जण नाक मुरडतात, 'काटे फार, चव खाडीच्या माशाची नाही' म्हणतात, पण घेतातच. हे मासे मूळचे आपल्या नद्यांचे नव्हेत. रोहू, कटला आणि मृगळ हे तिघे गंगेकडचे. कटला पाण्याच्या वरच्या थरात खातो, रोहू मधल्या आणि मृगळ तळाशी, म्हणून एकाच तळ्यात तिघे एकमेकांच्या आड न येता वाढतात.

अडचण एकच होती. हे मासे नदीच्या पुरात अंडी घालतात, साचलेल्या तळ्यात घालत नाहीत. हिरालाल चौधरी आणि के. एच. अलीकुन्ही या शास्त्रज्ञांनी १० जुलै १९५७ रोजी ओडिशातल्या अंगुल इथे माशाच्या मेंदूखालच्या ग्रंथीचा अर्क टोचून तळ्यातच अंडी घालवून घेतली. तेव्हापासून मत्स्यबीज मुबलक झालं. रोहूची मादी किलोमागे दोन-तीन लाख अंडी देते आणि पिल्लं एका दिवसाच्या आत बाहेर पडतात. त्यामुळे रोहूची काळजी करायचं कारण नाही.

काळजी आहे ती याच कुळातल्या आपल्या सह्याद्रीच्या माशाची, महसीरची. देशावर त्याला खडशी किंवा खडस म्हणतात. कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याने १८३९ मध्ये पुण्याजवळच्या मुळा-मुठेतल्या माशावरून त्याची शास्त्रीय नोंद केली आणि नाव दिलं खुद्री, म्हणजे आपलंच खडशी! मोठे खवले, तोंडाजवळ मिशांच्या दोन जोड्या आणि निळसर पर ही त्याची ओळख. जबड्यात दात नाहीत, पण घशात आहेत. त्यांनी तो गोगलगायीसुद्धा फोडून खातो. नदीकाठच्या झाडाची फळं, किडे, लहान मासे असं काहीही त्याला चालतं.

पण त्याच्या अंड्यांचा हिशेब रोहूसारखा नाही. मादी किलोमागे काही हजारच अंडी देते, तीही एकदम नाही, टप्प्याटप्प्याने. ती तरंगत नाहीत, तळाच्या गोट्या-वाळूत बसतात. पिल्लं फुटायला तीन-चार दिवस लागतात, आणि नंतरही ती काही दिवस दगडांच्या फटीत डोकं खुपसून पडून राहतात. तेवढ्या दिवसांत वाहतं, स्वच्छ, प्राणवायू असलेलं पाणी मिळालं नाही तर सगळी वीण वाया जाते. नदीतली वाळू-गोटे उपसले, काठची माती खणली की गाळ त्या फटीत जाऊन बसतो. जेसीबीने नदी 'साफ' करणं म्हणतात ते बऱ्याचदा हेच असतं.

आता आपल्याकडच्या वलगणीचं बघा. पहिल्या पावसात ओढ्या-नाल्यांतून, भातखाचरांतून वर चढणारे मासे पोटात अंडी घेऊनच चढतात. शिवडा, शिंगटी अशा कितीतरी माशांचं हेच आहे. वलगणीची मजा कोकणात कुणाला सांगायला नको. पिढ्यान्‌पिढ्या लोक चढणीचे मासे धरत आले, तरी नद्या रिकाम्या झाल्या नव्हत्या, कारण तेव्हा हातात पागेर आणि बांबूची साधनं होती. आता ओढ्याचं तोंडच बारीक जाळ्याने बंद करतात. आणि त्याहून वाईट म्हणजे ब्लीचिंग पावडर आणि जिलेटिन. त्यात मोठा मासा दहा मरतो, तर पिल्लं, अंडी आणि त्यांचं खाणं सगळंच संपतं. १८९७ च्या भारतीय मत्स्य कायद्यापासून नदीत स्फोट करून किंवा विष टाकून मासे मारणं गुन्हा आहे. तरीही उन्हाळ्यात डोह आटले की हे प्रकार होतात.

महसीर वाचवण्याचं मोठं काम आपल्या डोक्यावरच, लोणावळ्यात झालं. वळवण तलावाचं पाणी खाली खोपोलीच्या वीजघरात येतं आणि पुढे पाताळगंगेला मिळतं. हे वीजघर १९१५ चं. ठोकरवाडीचं पाणी भिवपुरीत उतरतं, म्हणून पेज नदी उन्हाळ्यातही वाहती राहते. टाटांच्या या वळवणच्या तलावावर १९७० च्या दशकापासून महसीरची अंडी काढून, वाहत्या पाण्याच्या ट्रेमध्ये उबवून पिल्लं वाढवली जातात. आंतरराष्ट्रीय यादीत 'संकटग्रस्त' असलेला हा मासा नंतरच्या मूल्यमापनात सर्वात कमी चिंतेच्या गटात आला.

ही बातमी चांगलीच, पण तिला दुसरी बाजू आहे. लोणावळ्याची पिल्लं दक्षिणेत कावेरीतही सोडली गेली. तिथे पाठीवर कुबड असलेला स्थानिक महसीर होता. १९४६ मध्ये कबिनीत १२० पौंडांचा मासा गळाला लागला होता, तो याच जातीचा. बाहेरून आलेला निळ्या परांचा महसीर तिथे पसरला आणि कुबड्या महसीर आज नामशेष होण्याच्या काठावर आहे. 'पुण्याचं काम' म्हणून कुठलंही बीज कुठल्याही नदीत सोडणं आम्हाला म्हणूनच पटत नाही. शेततळं वेगळं, वाहती नदी वेगळी.

आपल्या रायगडातच महाडजवळ काळ नदीवर वाळणकोंड आहे. तिथल्या डोहातले महसीर गावकरी देवीचे मानतात आणि कुणी धरत नाही. तिकडे वाड्याजवळ वैतरणेवर तिळसे इथेही देवळाजवळचे मासे असेच राखलेले आहेत. सरकारी पाटी लागायच्या कितीतरी आधीपासून हे चालू आहे. कर्जत-खालापुरातही उन्हाळ्यात न आटणारे डोह आहेत. गावकीने, मोहल्ल्याने, आदिवासी वाडीने मिळून असा एखादा डोह राखायचा ठरवला तर खर्च काहीच नाही: मे महिन्यात त्यात जाळं टाकायचं नाही, वलगणीचे पहिले काही दिवस वर जाणारी वाट मोकळी ठेवायची, आणि कुणी पावडर घेऊन आला तर गप्प न बसता पोलीसपाटलाला कळवायचं.